कॅमेरा खिडकीकडे वळवा

'तटस्थता नाही' हे वाक्य आपल्याला पन्नास वर्षं ऐकवलं जातंय. कविता लिहिली की म्हणणार, आक्रोश आहे, तटस्थता नाही. आत्मकथन लिहिलं की म्हणणार, अनुभव दाहक आहे, पण कलात्मक अंतर नाही. आता आपली पोरं कॅमेरा घेऊन उभी राहिली तर तिथंही तेच. फिल्म सोसायट्यांतले जाणकार सांगतात, अनुबोधपट असावा तर अमेरिकेतल्या फ्रेडरिक वाइजमनसारखा. निवेदन नाही, मुलाखत नाही, वरून लावलेलं संगीत नाही. नुसतं पाहणं. तुमच्या लोकांच्या फिल्ममध्ये फार आरडाओरडा असतो बुवा!

म्हणून मी वाइजमनच्या फिल्म्स मुद्दाम, जिद्दीनं पाहिल्या. आणि माझं मत झालं की या जाणकारांनी वाइजमन उलटा धरलाय.

'तटस्थ' हा शब्द फोडून बघा. तटावर उभा असलेला तो तटस्थ. म्हणजे आधी तटावर जाता आलं पाहिजे. आपल्या माणसांना तळ्याच्या तटावर उतरायला २० मार्च १९२७ उजाडावा लागला, आणि त्यापायी महाडात डोकी फोडून घ्यावी लागली. तेव्हा पिढ्यान्‌पिढ्या तटावर बसलेल्यांनी तटस्थतेचे धडे आपल्याला देऊ नयेत. पण त्यांच्या रागापायी वाइजमनला टाकून द्यायचं कारण नाही. तो आपल्या कामाचा आहे. कुठवर कामाचा आहे आणि कुठे थांबतो, तेवढं इथं मांडतो.

वाइजमनचा जन्म १९३० चा, बोस्टनचा. शिक्षणानं वकील. बोस्टनमध्ये कायदा शिकवत असताना तो विद्यार्थ्यांना ब्रिजवॉटर इथल्या गुन्हेगार मनोरुग्णांच्या सरकारी इस्पितळात घेऊन जायचा. हेतू सरळ होता. ही पोरं उद्या वकील होणार, न्यायाधीश होणार, माणसांना अशा जागी पाठवणार. तर ती जागा एकदा डोळ्यांनी बघून घ्या. याच जागेवर त्यानं १९६६ साली चित्रण केलं आणि १९६७ साली 'टिटिकट फॉलीज' ही पहिली फिल्म काढली.

पुढं त्यानं एक पद्धत बसवली ती कायमची. एक जागा निवडायची. शाळा, पोलीस ठाणं, इस्पितळ, बालगुन्हेगारांचं कोर्ट, कल्याण कचेरी. तिथं काही आठवडे तळ ठोकायचा. माणसं तीन. एक कॅमेरावाला, एक मदतनीस आणि स्वतः वाइजमन. तो कॅमेरा धरत नाही, ध्वनिमुद्रणाची काठी धरतो. म्हणजे तो आधी ऐकतो आणि त्या काठीनं, हाताच्या खुणेनं कॅमेऱ्याला दिशा दाखवतो. कुणाला प्रश्न विचारत नाही, कुणाला 'पुन्हा करून दाखवा' म्हणत नाही. मग त्या ढीगभर फितीतून महिनोन्‌महिने कापत बसतो. पडद्यावर येतं ते टिपलेल्याचा छोटा हिस्सा असतो.

आता सांगा, यात तटस्थ काय आहे? जागा कुणी निवडली? त्यानं. काठी कुणाच्या तोंडाशी धरली? त्यानं ठरवलं. ठेवलं काय आणि टाकलं काय? तेही त्यानंच. वाइजमननं स्वतः कधी वस्तुनिष्ठपणाचा दावा केलेला नाही. निवड म्हटली की पक्ष आला, हे तो उघड बोललेला आहे. आपले जाणकारच त्याच्या गळ्यात तटस्थतेची माळ घालतात, कारण तो गप्प आहे असं त्यांना वाटतं. तो गप्प नाही. तो बोलत नाही एवढंच, दाखवतो मात्र नेमकं.

आणि तो दाखवतो काय, हे आपल्या दृष्टीनं महत्त्वाचं आहे.

आपल्यावर कॅमेरा आजवर कसा रोखला गेला ते आठवा. १८६८ ते १८७५ या काळात इंग्रजांनी 'द पीपल ऑफ इंडिया' नावाचे आठ खंड काढले. जातीजमातींचे फोटो आणि सोबत वर्णन. माणूस नव्हे, नमुना. पुढं फिल्म्स डिव्हिजन आलं, १९४८ साली. थिएटरात मुख्य सिनेमाआधी सक्तीनं दाखवलेल्या त्या फिल्म्समधला भारदस्त सरकारी आवाज जुन्या मंडळींच्या कानात अजून असेल. चित्रात झोपडी आणि आवाजात प्रगती. त्यानंतर आले सहानुभूतीवाले. त्यांचा कॅमेरा झोपडीत शिरतो, चुलीवर थांबतो, म्हातारीच्या सुरकुत्यांवर थांबतो, शेंबड्या पोराच्या डोळ्यांत शिरतो. सगळे आपल्याकडे बघतात. आपल्याला तिथं कुणी आणून सोडलं त्याच्याकडे कुणी बघत नाही.

वाइजमननं सुरुवातीच्या सगळ्या फिल्म्समध्ये कॅमेरा झोपडीतून काढून खिडकीवर नेला. कुठली खिडकी? जिच्यापुढं रांग लागते ती. जिच्यामागं कारकून बसतो ती. जातीच्या दाखल्यासाठी, शिष्यवृत्तीसाठी, रेशनकार्डासाठी आपण सगळे जिच्यापुढं उभे राहिलोय ती.

१९७५ सालची 'वेल्फेअर' बघा. न्यूयॉर्कमधली कल्याण कचेरी. १६७ मिनिटांची, काळीपांढरी. सुरुवात होते ती ओळखपत्रासाठी माणसांचे फोटो काढण्यापासून. एकामागून एक चेहरे. म्हणजे आत पाऊल टाकताच माणसाचा आधी अर्जदार होतो. मग जवळपास पावणेतीन तास नुसती कागदपत्रं, टेबलं आणि रांगा. हा कागद नाही, तो आणा. इथं नाही, त्या कचेरीत जा. तिकडून परत इकडं. काळे, गोरे, म्हातारे, बेघर, बायका, आजारी. एक गोरा माणूस मदत मागायला आलेला, आणि तिथं उभ्या काळ्या पोलिसाशी वंशद्वेषाचं बोलतोय. खिशात दमडी नाही, पण गोरेपणाचा माज शाबूत. हे दृश्य वाइजमन कापत नाही, लांबवतो. आपल्या गावात भुकेकंगाल सवर्णाला हा माज कुठून येतो हे ज्यानं पाहिलंय त्याला समजावून सांगावं लागत नाही. शेवटी एक माणूस एकटाच बसून वर देवाशी बोलतो, बेकेटच्या नाटकातल्या त्या कधीच न येणाऱ्या गोदोची आठवण काढतो. निवेदन शून्य. पण कचेरी म्हणजे काय ते कळतं.

आणखी एक गोष्ट ध्यानात घ्या. 'वेल्फेअर'मधला कारकून राक्षस नाही. तोही वैतागलेला, दमलेला, नियमाला बांधलेला. १९७० सालच्या 'हॉस्पिटल'मध्ये एक मनोविकारतज्ज्ञ एका गरीब काळ्या तरुणाला मदत मिळावी म्हणून कल्याण कचेरीला फोन लावतो. पुन्हा पुन्हा समजावतो. पलीकडची बाई फोन आपटते. डॉक्टर हातातल्या रिसीव्हरकडं बघत राहतो. म्हणजे चांगल्या माणसाचंही काही चालत नाही. 'लॉ अँड ऑर्डर'साठी कॅन्सस सिटीला जाताना पोलिसांना उघडं पाडायचं असं वाइजमनच्या मनात होतं. तिथं राहिल्यावर त्याला कळलं की गोष्ट एकेका पोलिसाच्या दुष्टपणाची नाही, त्याला तिथं उभं करणाऱ्या समाजाची आहे. आपल्याला हे नवीन नाही. बाबासाहेबांनी 'जातिप्रथेचं उच्चाटन' १९३६ साली लिहिलं त्यात हाच मुद्दा आहे. जात पाळणारा हिंदू दुष्ट असतो म्हणून ती पाळत नाही, त्याचा धर्म त्याला ती शिकवतो म्हणून पाळतो. तेव्हा शत्रू माणसात शोधू नका, ज्या शास्त्रावर तो उभा आहे तिथं घाव घाला. व्यक्ती ओलांडून व्यवस्था दाखवायची, या कामाला वाइजमनची पद्धत जबरदस्त आहे.

आता त्याच 'लॉ अँड ऑर्डर'मधलं, १९६९ सालचं, एक दृश्य. वेश्याव्यवसायाच्या संशयावरून पकडलेली एक काळी बाई. साध्या वेशातला पोलीस तिचा गळा आवळतो. कॅमेरा समोर आहे, ध्वनिमुद्रणाची काठी समोर आहे, आणि तो गळा आवळतोच आहे. माणूस कॅमेऱ्यापुढं बदलत नाही असं वाइजमनचं म्हणणं. का बदलत नाही? कारण आपण करतोय ते बरोबरच आहे अशी त्याची खात्री असते. लाज तिथं वाटते जिथं चूक वाटते.

हे वाचून ज्याला ऊना आठवलं नाही त्यानं हा अंक खाली ठेवावा. ११ जुलै २०१६. गुजरातेत मोटा समढियाळा गावच्या आपल्या भावांना मेलेल्या गाईचं कातडं काढतात म्हणून गाडीला बांधून लोखंडी सळ्यांनी झोडपलं. चित्रण कुणी केलं? मारणाऱ्यांच्याच बाजूनं. अभिमानानं. पसरवलंही त्यांनीच. त्यात निवेदन नव्हतं, मुलाखत नव्हती, संगीत नव्हतं. जाणकारांच्या व्याख्येत चपखल बसणारं निरीक्षण! तेच चित्रण आपल्या लोकांनी हातात घेतलं, त्याला अत्याचार म्हटलं, आणि मेलेली जनावरं सरकारी कचेरीपुढं टाकून दिली. चित्र तेच. मारणाऱ्याच्या हातात असताना ती दहशत होती, आपण नाव दिल्यावर तो पुरावा झाला.

इथं येऊन मी वाइजमनपाशी अडतो. न बोलता दाखवलं की पाहणारा आपला निष्कर्ष काढील, हा त्याच्या पद्धतीचा पाया. पण पाहणारा कोण? वाइजमननंच सांगितलेली एक गोष्ट आहे. १९६८ साली त्यानं 'हायस्कूल' काढली. फिलाडेल्फियातली एक चांगली म्हणवणारी शाळा. मुलांना आज्ञाधारक बनवण्याचा कारखाना कसा चालतो ते फिल्मभर दिसतं. ती फिल्म बोस्टनच्या शाळा समितीवरच्या लुईस डे हिक्स या बाईंनी पाहिली. काळ्या-गोऱ्या मुलांनी एका शाळेत शिकावं याला कडाडून विरोध करणाऱ्या या बाई. त्यांना फिल्म फार आवडली. अशी छान शाळा आपल्याकडं हवी, असं त्यांचं म्हणणं पडलं!

या गोष्टीवर लोक हसतात. मी हसत नाही. यात पद्धतीचा कच्चा दुवा उघडा पडलाय. डोळा कोरा नसतो. अमेरिकेत तो गोरा असतो, इथं तो जातीचा असतो. गटारात उतरणाऱ्या माणसाला दोन तास न बोलता दाखवा. आपल्याला त्यात खून दिसेल. शेजारी बसलेल्याला 'त्यांचं काम' दिसेल. फार तर वास आल्यासारखं नाक मुरडेल आणि बाहेर पडून म्हणेल, काय छायाचित्रण आहे! मौन ज्याच्या बाजूला आधीच सत्ता आहे त्याला मदत करतं.

दुसरा प्रश्न संमतीचा. 'टिटिकट फॉलीज'मध्ये नागडे ठेवलेले रुग्ण आहेत. त्यांना डिवचणारे पहारेकरी आहेत. जेवायला नकार देणाऱ्या एकाच्या नाकातून नळी घालून अन्न ओततात, डॉक्टरच्या तोंडात सिगारेट, तिची राख लोंबतेय. मध्ये मध्ये त्याच माणसाचं प्रेत दफनासाठी तयार करताना दाखवलंय. जिवंतपणी केली नाही इतकी निगा मेल्यावर. मॅसॅच्युसेट्स सरकारनं रुग्णांच्या खाजगीपणाचा भंग झाला म्हणून कोर्टात धाव घेतली. १९६८ साली न्यायाधीशानं फिल्म नष्ट करायचा हुकूम दिला. १९६९ साली वरच्या कोर्टानं ती डॉक्टर, वकील, न्यायाधीश, समाजसेवक आणि त्या विषयांचे विद्यार्थी यांनाच दाखवायची मुभा दिली. सर्वांसाठी ती खुली झाली १९९१ साली. शिवाय १९६६ नंतर या संस्थेत बदल व सुधारणा झाल्या आहेत, अशी पाटी जोडायचं कोर्टाचं फर्मान. वाइजमननं ती पाटी जोडली, आणि ती कोर्टाच्या हुकमावरून जोडलीय हेही पडद्यावर सांगितलं. निवेदन न करणाऱ्या माणसाचा याहून चांगला टोमणा मला माहीत नाही.

ज्यांना नागडं ठेवलं त्यांच्या अब्रूची काळजी सरकारला फिल्म आल्यावर वाटली, हे ढोंग उघड आहे. पण त्यामुळं प्रश्न मिटत नाही. त्या रुग्णांना 'नको' म्हणता येत होतं का? मोकळेपणानं म्हणता येत नव्हतं. आपल्या अंगावर अत्याचार झालेली बाई, मारहाणीत पडलेला पोरगा, यांचे चेहरे मोबाइलवरून गावोगाव फिरतात तेव्हा हाच सवाल आपल्यापुढं आहे. त्यांच्या इज्जतीवर आपली चळवळ उभी करायचा हक्क आपल्याला कुणी दिला? मारणाऱ्याचा चेहरा दाखवा. मार खाणाऱ्याला आधी विचारा.

मग वाट कुठली? ती बाबासाहेबांनी दाखवून ठेवलीय. त्यांचं 'वेटिंग फॉर अ व्हिसा' कॅमेऱ्यावाल्या प्रत्येक पोरानं वाचावं. १९०१ साली मसूर स्टेशनवर उतरलेली पोरं, चांगल्या कपड्यातली. स्टेशनमास्तर चौकशी करतो. महार म्हटल्यावर त्याचा चेहरा कसा पालटतो ते बाबासाहेब टिपतात. मग गाडीवाले. दुप्पट भाडं घेऊन एक तयार होतो, पण बैल पोरांनी हाकायचे आणि तो बाजूनं चालणार. दुसरा एक प्रसंग १९२९ साली 'यंग इंडिया'त छापून आलेल्या पत्रातला. काठेवाडातल्या आपल्या एका शिक्षकाची बाळंतीण बायको आजारी. हिंदू डॉक्टर वस्तीत यायला तयार नाही. तिला वस्तीबाहेर आणली. दोन रुपये फी ठरली. डॉक्टरनं थर्मामीटर मुसलमानाच्या हातात दिला, त्यानं नवऱ्याच्या, नवऱ्यानं बायकोच्या. त्याच वाटेनं तो परत आला. डॉक्टरनं दिव्याच्या उजेडात पाहून न्युमोनिया सांगितला. बाई मेली.

एक थर्मामीटर चार हातांतून फिरतो आणि सगळी जातव्यवस्था दिसते. निरीक्षण याला म्हणतात. कुठंही हंबरडा नाही. कॅमेरा, म्हणाल तर, खिडकीवरच आहे. स्टेशनमास्तरवर, गाडीवाल्यावर, डॉक्टरवर. पण बाबासाहेब तिथं थांबत नाहीत. शिकलेला माणूस, धंद्याच्या नीतीनं बांधलेला, तरी अस्पृश्याला शिवण्यापेक्षा माणुसकी सोडणं पसंत करतो, असा निकाल ते थोडक्यात देऊन टाकतात. आधी पूर्ण पाहणं, मग नाव घेणं. पाहिल्याशिवाय नाव घेतलं तर घोषणा होते. पाहून नाव घेतलं नाही तर दुसराच कुणीतरी त्याला आपल्या सोयीचं नाव देतो.

१९९७ साल घ्या. त्या वर्षी वाइजमनची 'पब्लिक हाउसिंग' आली. शिकागोतली काळ्यांची सरकारी वसाहत, आयडा बी. वेल्स या लढाऊ पत्रकार बाईंच्या नावाची. त्याच वर्षी ११ जुलैला घाटकोपरला माता रमाबाईंच्या नावाच्या वसाहतीत बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली आणि पोलिसांच्या गोळ्यांनी दहा माणसं मारली. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरेंनी जीव दिला. वाइजमननं शिकागोच्या वसाहतीतलं रोजचं जगणं तीन तासांहून अधिक वेळ न बोलता दाखवलं, आणि ते पाहण्यासारखं आहे. पण रमाबाई नगरात नुसतं पाहून भागलं असतं का? पोलीस जळत्या टँकरचं कारण पुढं करत होते. गुंडेवार आयोगानं गोळीबार समर्थनीय नव्हता असा निष्कर्ष काढला तरी वर्षं जातच राहिली. आनंद पटवर्धन चौदा वर्षं चित्रण करत राहिले आणि २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' आला. त्यात त्यांचा आवाज कॅमेऱ्यामागून येतो. ते विचारतात, उलट विचारतात. शाहिरांची गाणी येतात. वाइजमनच्या कसोटीवर ही फिल्म नापास होईल. आपल्या कसोटीवर ती पास आहे, कारण जिथं खोटं छापील स्वरूपात समोर येतं तिथं प्रश्न विचारणं हाच सच्चेपणा असतो. चौदा वर्षं टिकून पाहण्याची चिकाटी मात्र वाइजमनच्याच जातकुळीची.

वाइजमनकडून आणखी एक शिकण्यासारखं. १९७१ साली त्यानं झिपोरा फिल्म्स ही स्वतःची वितरण संस्था काढली. फिल्म आपली, तिचं दाखवणं आपल्या हातात. आपण आपले अंक स्वतः का काढतो, तेच कारण.

तर मित्रांनो, ज्यांच्या हातात आज मोबाइल आहे त्यांना माझं सांगणं. घटना घडल्यावर वस्तीतलं रडणं टिपायला धावू नका, त्याला गिऱ्हाईक फार. ठाण्यात जा. फिर्याद घ्यायला किती तास लावतात ते टिपा. बसायला खुर्ची दिली की उभं ठेवलं. नाव विचारल्यावर आडनावाकडं नजर कशी जाते. कुठला कागद मागतात, कुठं पाठवतात. सलग टिपा, तुकडे करू नका, आवाज नीट घ्या, तारीख-वेळ लिहून ठेवा. मूळ चित्रण आपल्यापाशी जपा. आणि दाखवताना, जे दिसतंय त्याचं नाव घ्या.

कायद्याचीही याला साथ आहे. अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंधक कायद्यात २०१५ च्या दुरुस्तीनं कलम १५ए आलं, २६ जानेवारी २०१६ पासून लागू. त्याच्या पोटकलम १० प्रमाणे या कायद्याखालच्या गुन्ह्यांच्या सर्व कार्यवाहीचं व्हिडिओ चित्रण झालंच पाहिजे. वाइजमनला प्रत्येक दारात परवानगी मागावी लागली. आपल्याला तो हक्क कायद्यानं दिलाय. तो किती ठिकाणी पाळला जातो, हे आपापल्या तालुक्यात जाऊन विचारायचं काम आपलं. अर्ज लेखी द्या, पोच घ्या, आणि खिडकीवर उभे राहा.